माझ्या नावापुढचा अंगठा

परवा फोनवर तुम्ही दोघांनी विचारलंत, "आजी, या वयात तू कोर्टात कशाला जातेस?" मी "मग सांगते" म्हणाले, कारण गॅसवर दूध होतं. दूध हे निमित्त झालं. ही हकीकत तोंडी सांगायला लागले असते तर मधलं काहीतरी गाळलं असतं, आणि गाळलेलं नेमकं माझ्या चुकीचं असतं. कागदावर मला तसं करता येत नाही, म्हणून लिहिते आहे. तुमची आई म्हणते, तुम्हाला मराठी हळूहळू का होईना वाचता येतं. हळूहळूच वाचा.

कोल्हारला प्रवरेवरचा पूल ओलांडला की थोड्या अंतरावर आमचं तीन एकर रान आहे. माझे वडील श्रीरामपूरला रेल्वेत सांधेवाले होते. नोकरीत असतानाच त्यांनी ते घेतलं. आम्ही दोघी बहिणी. मला त्यांनी मिशनच्या इंग्रजी शाळेत घातलं. धाकटीलाही घातलं होतं, पण दुसरीत असताना ती मधल्या सुट्टीत जी शाळेबाहेर पडली ती परत वर्गात गेलीच नाही. तिला गुरं आवडायची, माणसं फारशी नाही. लग्नानंतर तिचे यजमान आमच्याच रानात राहिले, राबले आणि तिथेच वारले. लेक सासरी गेली. आता धाकटी, तिच्या पाच शेळ्या आणि दोन खोल्यांचं पत्र्याचं घर, एवढं त्या रानात आहे. आई गेल्यावर सातबाऱ्यावर आम्हा दोघींची नावं लागली. मी माझ्या वाट्याचं कधी काही मागितलं नाही. मला भिंगारचं घर आहे, पेन्शन आहे. ते रान म्हणजे धाकटीचं घर, असंच मी धरून चालले होते.

वारस म्हणून आमची नावं लावायचं काम आमच्या चुलतभावाच्या मुलाने केलं होतं. हा पुतण्या श्रीरामपूरला राहतो आणि जमिनींच्या व्यवहारात मध्यस्थी करतो. "आत्या, तुम्ही कशाला हेलपाटे घालता, मी बघतो," म्हणाला. आम्ही दोघींनी आधार कार्डाच्या प्रती त्याच्या हातात दिल्या. त्या परत मागायच्या असतात हे मी ऑफिसात शेकडो लोकांना सांगितलं होतं.

एके दिवशी सकाळी धाकटीचा फोन आला.

"आक्का, चार मानसं आलीत. फीत घिऊन. खुंट्या ठोकायला लागलेत."

"कसली माणसं?"

"म्हनत्यात, रान आमचं हाय. आमी इकत घेतलंय. म्या म्हनलं, मंग मी कुनाची? तर हसाया लागले."

"त्यांची नावं लिहून घे."

"तू लिव. मला लिवता आलं असतं तर तुला फोन कशाला केला असता?"

दुसऱ्या दिवशी मी पहिल्या एसटीने कोल्हारला उतरले. अकरा खुंट्या होत्या. मी आधी प्रत्येकीचा फोटो काढला, वहीत रानाचा नकाशा काढून जागा दाखवल्या, मग त्या उपटवल्या, मार्करने आकडे घातले आणि पोत्यात भरून पोत्याला चिठ्ठी बांधली. धाकटी कमरेवर हात ठेवून बघत होती.

"आक्का, खुंट्या हायेत त्या. मढी न्हाईत चिठ्ठी बांधायला."

"पुरावा आहे. हात लावायचा नाही."

"माज्या शेळ्यास्नी चांगल्या हुत्या."

तिथून आम्ही तलाठ्याकडे गेलो. आता त्या पदाला नवं नाव दिलंय, पण गाव तलाठीच म्हणतं. तिशीची एक मुलगी होती. तिने कॉम्प्युटरवर बघितलं आणि स्क्रीन आमच्याकडे वळवली. आमचं रान आम्ही दोघींनी विकल्याचं नोंदणी झालेलं खरेदीखत होतं. त्यावरून घेणाऱ्याचं नाव सातबाऱ्यावर लावायची नोंद धरलेली होती, पण अजून मंजूर व्हायची होती.

खरेदीखताची नक्कल हातात यायला आठवडा गेला. ती मी भिंगारला माझ्या टेबलावर, दिवसाउजेडी, चष्मा पुसून वाचली. माझं नाव बरोबर, वय बरोबर, पत्ता बरोबर. धाकटीचा फोटो आणि अंगठा तिचाच होता. माझ्या नावापुढे कपाळापर्यंत पदर ओढलेल्या एका अनोळखी बाईचा फोटो होता, आणि सहीच्या जागी अंगठा.

त्या अंगठ्याकडे मी किती वेळ बघत बसले कोण जाणे. भिंगारला लष्कराच्या एका कचेरीत मी पस्तीस वर्षं नोकरी केली, कारकून म्हणून लागले आणि ऑफिस सुपरिंटेंडंट म्हणून निवृत्त झाले. दिवसाला शंभर सह्या केलेल्या आहेत. तुमचे आजोबा म्हणायचे, ही झोपेतसुद्धा पूर्ण नावाने सही करेल. जमीन गेल्याचं दुःख जाणवायच्या आधी मला तो अंगठा लागला, हे मी कबूल करते.

धाकटीला नक्कल दाखवली तेव्हा ती आधी माझ्यावरच हसली. "एवढी विंग्रजी शिकलीस, आन शेवटी अंगठ्यावरच आलीस व्हय?" मग तिने स्वतःच्या फोटोवर बोट ठेवलं. फोटोत तिने आईचं हिरवं नऊवारी नेसलेलं होतं, आणि ती हसत होती.

"आपला पुतन्या म्हनला हुता, ठिबकचं अनुदान मिळनार हाय," ती म्हणाली. "गाडीतनं नेलं. वाटंत भजी खाऊ घातली. म्हनला, आत्या, फोटो काढायचाय, चांगलं नेसून ये. म्हनून नेसले."

खताच्या शेवटी, तिच्या अंगठ्याच्या वर, एक ओळ होती: वरील मजकूर आम्हांस वाचून दाखविला, तो समजला व मान्य आहे.

"कुणी वाचून दाखवलं होतं?" मी विचारलं.

"भजी गार व्हतील म्हनला, एवढंच आठवतं."

पुन्हा तलाठीबाईंकडे गेलो. त्यांनी आमची हरकत लिहून घेतली आणि जे सांगितलं ते मी शब्दशः वहीत उतरवलं, कारण तशी माझी सवयच आहे. त्या म्हणाल्या, "मावशी, हरकत मी घेते, नोंद वादात जाईल, वरती सुनावणी होईल. पण हे रजिस्टर खत आहे. ते खोटं ठरवून रद्द करायचं काम आमच्याकडं नाही. माझ्याकडं नाही, साहेबांकडं नाही. त्याला दिवाणी कोर्टच लागतं. तुम्ही वेळ न घालवता तिकडं जा."

त्याखाली मी इंग्रजीत टीप लिहिली: वरिष्ठांकडून खात्री करून घेणे.

ती टीप म्हणजेच माझी चूक. ती नीट सांगते, कारण दुसऱ्या कुणाच्या हातून ती झाली असती असं मला वाटत नाही. आमच्या कचेरीत कोणताही कागद खालून वर, एकेक पायरी चढत जायचा. कुणी मधल्या साहेबाला वगळून थेट वर लिहिलं, तर तो अर्ज मीच लाल शेरा मारून परत पाठवायचे: थ्रू प्रॉपर चॅनेल. आणि सगळ्यात खालच्या टेबलावरचा माणूस काय म्हणतो याला शेवटचा शब्द धरायची पद्धत नव्हती. तो फक्त कागद पुढे सरकवतो. तलाठी ही जमिनीच्या कारभाराची सगळ्यात खालची पायरी. ती मला सांगते कोर्टात जा. बरं, पण आधी तिच्या वरचे काय म्हणतात ते बघू. त्यांच्यावरचे काय म्हणतात ते बघू. सगळे थकले की मग कोर्ट. मला हे इतकं सरळ वाटलं की मी कुणाला विचारलंदेखील नाही.

आधी मंडळ अधिकाऱ्यांपुढे सुनावणी. नोटिसा, तारखा, लेखी म्हणणं. माझी फाईल रंगीत चिठ्ठ्या लावलेली, पानांना आकडे, सुरुवातीला अनुक्रमणिका. तिथले एक कारकून म्हणाले, "बाई, वकिलांच्या फायली अशा नसतात." मला ते फार आवडलं. घरी येऊन मी आणखी दोन चिठ्ठ्या लावल्या. पोलिसांतही अर्ज दिला. त्यांनी तो घेतला आणि चौकशी सुरू केली.

धाकटी अधूनमधून विचारायची.

"आक्का, ती तलाठीबाई म्हनत हुती कोर्टात जा."

"ती तलाठी आहे गं."

"मंग? तलाठ्याला कळत न्हाई व्हय?"

"कळतं. पण नियम असतात. एकेक पायरी चढावी लागते."

"चढ बाई. तुजे नियम हायेत आन माजं घर हाय."

मंडळ अधिकाऱ्यांनी नोंद मंजूर केली. खत नोंदणीकृत आहे, आमच्यापुढे ते खरंच धरावं लागतं, एवढंच त्यांचं म्हणणं. मी प्रांतांकडे अपील केलं. पुन्हा तारखा. एका तारखेला साहेब दौऱ्यावर, एकीला समोरचा वकील आजारी. एका पावसाळ्यात मी गुडघ्याला पट्टा बांधून गेले. मधल्या काळात घेणारा माणूस रानाच्या कडेला गाडी लावून उभा राहायचा आणि धाकटीला लांबून विचारायचा, "आजी, सामान कधी हलवताय?" ती उलट विचारायची, "तू कवा हलतूस?" पण रात्री तिला झोप लागत नव्हती, हे तिने मला फार पुढे सांगितलं.

प्रांतांचा निकाल मी एसटी स्टँडवरच्या बाकावर बसून वाचला. दोन पानं होती. शेवटचं वाक्य असं: अपीलदार यांनी सदर दस्त सक्षम दिवाणी न्यायालयातून रद्द करून आणावा, तोपर्यंत नोंदीत हस्तक्षेप करता येणार नाही. मी पिशवीतून जुनी वही काढली आणि तलाठीबाईंचं पान शोधलं. तेच होतं. त्यांनी साध्या बोलण्यात सांगितलेलं साहेबांनी जड भाषेत लिहिलं होतं. मध्ये दोन वर्षं आणि दोन महिने गेले होते. खाली माझी इंग्रजी टीप होती. मी तिच्यापुढे लिहिलं, "खात्री झाली," आणि नगरच्या गाडीत बसले.

दुसऱ्याच दिवशी मी वकील गाठला. माझ्या जुन्या सहकाऱ्याची सून नगरला वकिली करते, दिवाणी दाव्यांतच तिची हयात गेली आहे. तिला मी वकीलबाई म्हणते, ती मला मावशी. तिने माझी फाईल पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचली. मी कौतुकाची वाट बघत होते.

"मावशी," ती म्हणाली, "तुम्ही दोन वर्षं पोस्टात रांग लावून रेल्वेचं तिकीट मागत होता."

मी फाईल माझ्याकडे ओढून घेतली.

"हरकत घेतली ते बरं झालं, तुम्ही गप्प बसला नव्हता हे दिसतं. पण खत रद्द मागायला तीन वर्षांची मुदत असते. फसवणूक कळली त्या दिवसापासून. खुंट्या कधी ठोकल्या?"

मी तारीख सांगितली. ती वहीत होती, तासासकट.

"म्हणजे दहा महिने उरले. दहा महिने पुष्कळ झाले. पण आता दार चुकवायचं नाही."

"पोलिसांचं काय?"

"ते चालू दे. पोलीस माणसाला धरतील. त्यानं खत रद्द होत नाही."

मग कोणत्या कोर्टात जायचं हा प्रश्न आला. मला वाटलं यात प्रश्न कसला? नगरचं कोर्ट. भिंगारहून रिक्षाने पंधरा मिनिटं. वकीलबाई तिथेच बसतात. माझे गुडघे, माझी औषधं, सगळं जवळ. मी तसं म्हणाले.

"जमीन कुठं आहे?" तिने विचारलं.

"कोल्हारच्या पुलापलीकडे. पण मी राहते भिंगारला."

"जमीन कुठं आहे?"

"सांगितलं ना. पुतण्या आणि घेणारा, दोघं श्रीरामपूरचे. दस्त केला तो आणखी वेगळ्याच कचेरीत."

"मावशी, मी तिसऱ्यांदा विचारते. जमीन कुठं आहे?"

मी तालुक्याचं नाव सांगितलं.

"मग त्या तालुक्याच्या कोर्टात. जमिनीचा दावा ती जमीन ज्या कोर्टाच्या हद्दीत, तिथंच लावायचा. तुम्ही कुठं राहता, तो कुठं राहतो, इथं त्याला किंमत नाही."

"आणि नगरला लावला तर?"

"समोरचा पहिल्याच फेरीत हद्दीचा मुद्दा काढेल. कोर्ट दावा परत करेल, योग्य ठिकाणी दाखल करा म्हणून. मधले दिवस मुदतीतून वजा मागता येतात, ती सोय आहे. तुमच्या वयातून ते कोण वजा करणार?"

तालुक्यालाही दोन पायऱ्यांची न्यायालयं होती, कनिष्ठ आणि वरिष्ठ. कोणत्या पायरीवर जायचं ते जमिनीची किंमत काय धरायची त्यावर ठरणार होतं, आणि तिथे चुकलो तरी दावा परतच आला असता. वकीलबाईंनी ते गणित दोनदा केलं आणि मी तिसऱ्यांदा तपासलं. या वेळी खालून वर जायचं नव्हतं. जे दार आपलं, त्याच दारात एकदम उभं राहायचं होतं. मला ते पाळायला जड गेलं, पण पाळलं.

दावा लिहून होत होता त्या आठवड्यात पुतण्या भिंगारला आला. पेढे घेऊन. त्याला कुठूनतरी कळलं होतं. मी त्याला बसवलं, चहा ठेवला.

"आत्या, आपल्या घरात कोर्टकचेरी शोभते का? श्रीरामपूरला बसू. चार वडीलधारी बसवतो."

"वडीलधारी आता मीच उरले आहे."

"बरं, लावायचाच असेल दावा तर श्रीरामपूरला लावा. तुम्हाला रेल्वे आहे, बसा आहेत. वकील मी बघून देतो."

"माझ्या बाजूचा वकीलही तूच देणार?"

तो हसला. मग काय झालं कोण जाणे, बोलण्याच्या भरात म्हणाला, "आत्या, त्या दिवशी तुम्हाला न्यायचंच होतं. पण तुमचे गुडघे..."

"म्हणून कुणाला नेलंस?"

त्याने कप खाली ठेवला. चहा अर्धा राहिला. पेढे मी त्याच्याबरोबर परत दिले आणि तो गेल्यावर सगळं बोलणं वहीत लिहून काढलं. त्याचा कोर्टात उपयोग होईल की नाही ते वकीलबाई ठरवतील, पण मला त्या दिवशी एक गोष्ट पक्की कळली. त्याला श्रीरामपूर हवं होतं, मला नगर हवं होतं, आणि दोघांना सोयीचं वाटणारं एकही ठिकाण बरोबर नव्हतं.

दावा दाखल करायच्या दिवशी धाकटी माझ्या आधी येऊन कोर्टाच्या पायऱ्यांवर बसली होती. तेच हिरवं नऊवारी नेसून.

"हे का नेसलीस?" मी विचारलं.

"त्याच लुगड्यात फसले, त्याच लुगड्यात दावा लावनार."

दाव्याच्या प्रत्येक पानावर आम्हा दोघींच्या सह्या हव्या होत्या, आणि शेवटी प्रतिज्ञेवर. कोर्टाच्या कचेरीतल्या गृहस्थांनी आमच्याकडे एकदा पाहिलं आणि शाईचं पॅड दोघींच्या मधोमध सरकवलं. मी ते धाकटीकडे सारलं, पर्समधून पेन काढलं आणि पूर्ण नावाने सही केली.

धाकटीने मात्र हात पदराखाली घेतला.

"आदी वाचून दावा," ती म्हणाली.

"आजी, शेवटी लिहिलेलं आहे तसं. वाचून दाखवला, समजला, मान्य," ते म्हणाले.

"लिवलेलं त्या खतावर बी हुतं."

वकीलबाई म्हणाल्या, "मी वाचते." धाकटीने मान हलवली. "आक्का वाचंल. तिची विंग्रजी न्हाई, मराठी."

बाहेर व्हरांड्यात एक बाक रिकामं होतं. तिथे मी तो दावा वाचला. एकोणीस पानं. मी कधी असं मोठ्याने वाचलेलं नव्हतं, तुमच्या आईला गोष्टीसुद्धा मी मनात वाचून थोडक्यात सांगायचे. सुरुवातीला आवाज बसला, मग चालू लागला. वादी क्रमांक एक, म्हणजे मी. वादी क्रमांक दोन, म्हणजे ती. रानाच्या चारी बाजूंची हद्द आली तेव्हा तिने थांबवलं.

"पूर्वेला काय म्हनलीस?"

"ओढा."

"ओढा उत्तरंला हाय. पूर्वेला पाट."

वकीलबाईंनी कागद बघितले. सातबाऱ्याबरोबरच्या जुन्या नकाशातही पाटच होता. टाईप करताना उलटं झालं होतं, आणि माझ्या दोन, त्यांच्या दोन, अशा चार तपासण्यांतून ते सुटलं होतं. आमच्यापैकी कुणी त्या ओढ्यात कधी उतरलेलंच नव्हतं. ते पान पुन्हा टाईप करून आणलं. ठिबकच्या अनुदानाची थाप मारून नेल्याचा परिच्छेद आला तेव्हा शेजारच्या बाकावरची दोन माणसं सरकून जवळ आली. त्यांतला एक धाकटीला म्हणाला, "लई वंगाळ केलं की ओ मावशी." ती म्हणाली, "गप ऱ्हा, ऐकू दे."

शेवटची ओळ वाचली. मजकूर वाचून दाखविला, तो समजला.

"आता समजला," ती म्हणाली, आणि आत जाऊन एकोणीस पानांवर, एकेक करून, अंगठा लावला. प्रत्येक पानानंतर ती बोट पुसायची आणि मला विचारायची, "हे कंचं पान?"

पुढे तात्पुरत्या मनाई हुकमाच्या अर्जावर सुनावणी झाली. समोरच्या वकिलांनी सांगितलं की वादी क्रमांक एक वयोमानाने विसरल्या असतील, त्यांनी स्वतः येऊन अंगठा दिला आहे. वकीलबाईंनी माझ्या नोकरीतल्या आणि बँकेतल्या सह्यांचे कागद दिले. मग तो कागद दिला जो मी दवाखान्यातून घरी आल्यावर नेहमीप्रमाणे फाईलला लावून ठेवला होता: दस्ताच्या तारखेला माझ्या डाव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, आणि दाखल झाल्याची वेळ सकाळची होती. माझी टापटीप दोन वर्षं भलत्याच कचेऱ्यांत नुसतं कौतुक मिळवत फिरत होती. इथे ती कामाला आली.

मनाई हुकूम मिळाला. दाव्याचा निकाल लागेपर्यंत धाकटीला त्या घरातून कुणी हलवायचं नाही, आणि घेणाऱ्याने ते रान पुढे कुणाला विकायचं नाही. निकाल अजून लागलेला नाही. तो अंगठा कुणाचा ते तज्ज्ञ तपासतील, साक्षी होतील, माझी उलटतपासणी होईल. वकीलबाई म्हणतात, वर्षं लागतील. लागू देत. मी दर तारखेला जाते. नगर-मनमाड रस्ता कसा आहे ते तुम्ही मागच्या सुट्टीत पाहिलंच आहे, तरी जाते. तुम्ही विचारलंत ना, या वयात का. माझ्या नावापुढे दुसऱ्याचा अंगठा आहे आणि माझ्या बहिणीच्या अंगठ्यावर दुसऱ्याची ओळ आहे. ही दोन्ही पुसायचा अधिकार फक्त त्या एका खोलीत आहे. ती खोली शोधायला मला उशीर झाला. आता सापडली आहे, तर मी सोडणार नाही.

तलाठीबाईंची बदली झाली. जायच्या आधी मी त्यांना भेटून आले आणि वहीतलं ते पान दाखवलं, माझ्या टिपेसकट. त्यांना इंग्रजी वाचता येतं हे मी तेव्हाही धरलं नव्हतं. त्यांनी वाचलं आणि म्हणाल्या, "मावशी, वरिष्ठांनी काय सांगितलं मग?"

"तुम्ही सांगितलं तेच."

गेल्या तारखेला धाकटी मला स्टँडवर सोडायला आली होती. पोतं अजून तिच्या पलंगाखाली आहे, चिठ्ठी जशीच्या तशी. माझ्यासारखीच तीही आता त्याला हात लावू देत नाही, पण तक्रार चालूच असते.

"आक्का, खुंट्या कवा सोडवतीस? शेळ्या दावं तोडून कोबीत शिरत्यात."

"निकाल लागला की."

"समद्या अकरा?"

"सगळ्या अकरा. आधी पावती देईन, मग घे."

"पावतीवर अंगठा लावू का?"

"वाचून दाखवीन, मग लाव," मी म्हणाले. गाडी लागली होती.